कोल्हापूर संस्थानातील औद्योगिक स्थित्यंतर

दक्षिण महाराष्ट्रातील कोल्हापूर (करवीर) संस्थानात वतन, इनाम व सरंजाम यांवर आधारलेली समाजरचना शिथिल होऊन तिच्या जागी बाजारपेठ, यंत्रशाळा, गिरणी व सहकारी कारखाना यांची व्यवस्था आली, ते स्थित्यंतर. १८४४ च्या गडकऱ्यांच्या उठावानंतर त्याचा प्रारंभ झाला. राजर्षी शाहू छत्रपतींच्या कारकीर्दीत (१८९४–१९२२) त्याला निर्णायक वळण मिळाले आणि १ मार्च १९४९ रोजी संस्थान मुंबई राज्यात विलीन झाल्यानंतरच्या दशकात, सहकारी साखर कारखान्यांच्या स्थापनेबरोबर, ते बहुतांशी पुरे झाले. सरंजामी समाजाचा उद्योगयुगात प्रवेश कसा होतो, हे सांगताना इतिहासकार बहुधा जपानचा दाखला देतात. तेथे १८६८ मध्ये सत्तेवर आलेल्या मेजी राजवटीने अवघ्या दहा वर्षांत सरंजामी प्रांत खालसा केले आणि सामुराईंचे पिढीजात तनखे कर्जरोख्यांत रूपांतरित केले. कोल्हापूरच्या दरबाराला अशी मोकळीक कधीच लाभली नाही. त्याच्या जहागीरदारांवर परक्या सत्तेची देखरेख होती आणि जकातीचे धोरण त्याच्या हाती नव्हते. या मर्यादेत दरबाराने स्वतः काढलेले कारखाने थोडे व लहान राहिले. उलट त्याने वतनातून मोकळी केलेली माणसे आणि नद्यांवर अडविलेले पाणी यांतूनच पुढे या भागाचा उद्योग वाढला.

सरंजामी रचना : महाराणी ताराबाईंनी १७१० च्या सुमारास पन्हाळ्यास वेगळी गादी स्थापन केली. सातारा व कोल्हापूर या दोन राज्यांची सीमा १७३१ च्या वारणेच्या तहाने ठरली. वारणेच्या दक्षिणेकडील हे राज्य आकाराने लहान होते. तथापि मोठ्या राज्याची सर्व पदे त्यात होती. विशाळगडचे प्रतिनिधी, गगनबावड्याचे पंत अमात्य, कापशीचे सेनापती घोरपडे, कागलचे घाटगे (थोरली व धाकटी पाती), इचलकरंजीचे घोरपडे, तोरगलचे सेनाखासखेल शिंदे, तसेच हिंमतबहादूर चव्हाण आणि सरलष्करबहादूर निंबाळकर ही नऊ घराणी संस्थानची प्रमुख जहागीरदार घराणी होत. त्यांच्याकडे स्वतंत्र मुलूख, वसूल आणि न्यायाचे कमीअधिक अधिकार असत. त्यांच्या खालोखाल देशमुख-देशपांडे, गावपातळीवर पाटील-कुलकर्णी आणि त्याहीखाली बारा बलुतेदार अशी ही उतरंड होती.

या रचनेतील धोका याच राज्यातील एका मुत्सद्द्याने फार लवकर ओळखला होता. रामचंद्रपंत अमात्य यांच्या नावे प्रसिद्ध असलेल्या आज्ञापत्र या राजनीतिपर ग्रंथात (सु. १७१५) वतनदारांना राज्याचे वाटेकरी मानून त्यांचे बळ वाढू देऊ नये, असा सल्ला आढळतो. सावकार व व्यापारी यांचे महत्त्व सांगणारे स्वतंत्र प्रकरणही त्यात आहे. स्वतः अमात्यांच्या घराण्याकडे मात्र बावड्याची जहागीर वंशपरंपरेने चालत राहिली. वतनाचे दोष जाणणे आणि वतनावाचून राज्य चालविणे या दोन गोष्टींत किती अंतर होते, हे यावरून ध्यानात येते. रोख पगार देण्याइतका वसूल खजिन्यात येत नसल्यामुळे सेवेचा मोबदला जमिनीत देणे दरबाराला भाग पडे आणि एकदा दिलेली जमीन सहसा परत येत नसे.

गावगाड्यात ही पद्धत अधिक खोल रुजली होती. सुतार, लोहार, चांभार, कुंभार इत्यादी कारागीर गावाला बांधलेले होते. त्यांच्या कामाचा मोबदला सुगीच्या वेळी धान्याच्या रूपाने मिळे. कारागिराला गाव सोडून अन्यत्र धंदा थाटण्यास प्रोत्साहन नव्हते आणि उत्तम काम केल्याने त्याचा वाटाही वाढत नसे. महार वतनाची स्थिती सर्वांत बिकट होती. वतनी जमीन सामाईक असे. पिढ्यांगणिक वाटेकरी वाढून प्रत्येकाच्या वाट्यास नाममात्र तुकडा येई. या तुकड्याच्या बदल्यात सबंध कुटुंबाने सरकारी अंमलदारांची आणि गावाची कामे रात्रंदिवस करावयाची असत. जमीन अल्प असली तरी तिचा आधार सोडवत नसे आणि तो आधार असेतो दुसरीकडे मजुरीस जाता येत नसे.

ब्रिटिश वर्चस्व : १८१२ च्या तहाने कोल्हापूरने मालवणचे बंदर इंग्रजांस दिले आणि परराज्यांशी स्वतंत्र संबंध ठेवण्याचा अधिकार गमावला. पुढे कंपनी सरकारने राज्यकारभारासाठी दाजी कृष्ण पंडित यांची नेमणूक केली. त्यांनी गडकऱ्यांच्या जमिनींचा कारभार मामलेदारांच्या हाती देण्याचा प्रयत्न केला, तेव्हा १८४४ मध्ये सामानगड व भुदरगड येथील गडकऱ्यांनी बंड पुकारले. ते पन्हाळा, पावनगड व विशाळगड येथवर पसरले आणि कर्नल ओव्हान्स हा इंग्रज अधिकारी काही काळ पन्हाळ्यावर बंदिवान झाला. बंड मोडल्यावर गडकऱ्यांच्या पलटणी बरखास्त करण्यात आल्या. गडाच्या रक्षणासाठी जमीन धारण करणारा एक सबंध वर्ग अशा रीतीने निकामी झाला. उद्योगाच्या दृष्टीने या घटनेचा तत्काळ परिणाम काहीच झाला नाही. या कुटुंबांना पर्यायी धंदा नव्हता आणि ती शेतीवरच येऊन पडली.

१८६२ च्या कराराने छत्रपतींचे अधिकार परत मिळाले, परंतु मोठ्या जहागीरदारांच्या न्यायविषयक कारभारावरील देखरेख ब्रिटिश पोलिटिकल एजंटाकडे राहिली. त्यामुळे राज्याच्या पोटातील जहागिरी रद्द करणे तर दूरच, त्यांच्यावर पुरता अंमल बसविणेही छत्रपतींना अशक्य झाले. शाहूंच्या काळात इचलकरंजीशी झालेले अधिकारविषयक वाद याच करारातून उद्‌भवले.

राजाराम (कार. १८६६–७०) हे इंग्लंडचा प्रवास करणारे या घराण्यातील पहिले छत्रपती. परतीच्या वाटेवर ३० नोव्हेंबर १८७० रोजी इटलीतील फ्लॉरेन्स येथे त्यांचे अकाली निधन झाले. त्यांची प्रवासातील रोजनिशी १८७२ मध्ये प्रसिद्ध झाली. त्याच वर्षी जपानचे इवाकुरा शिष्टमंडळ इंग्लंडमधील कारखाने पाहत होते. या शिष्टमंडळाचे सदस्य मायदेशी परतून स्वतः राज्यकर्ते म्हणून कायदे करणार होते. कोल्हापुरात मात्र त्यानंतरची बहुतेक चोवीस वर्षे अज्ञान छत्रपतींच्या नावे ब्रिटिशांच्या देखरेखीखालील कारभारात गेली. या काळात जमिनीची मोजणी व रोख आकारणी, सडका, शाळा व लोहमार्ग यांची कामे झाली, हे मान्य करावयास हवे. परंतु वतनाच्या चौकटीला हात लावण्याचे कारण या कारभाऱ्यांना नव्हते.

लोहमार्ग व पेठा : लोहमार्ग येण्यापूर्वी कोल्हापूरचा गूळ फोंडा, आंबा, बावडा या घाटांतून बैलगाड्यांनी व लमाणांच्या तांड्यांनी कोकणच्या बंदरांकडे जाई. मिरज ते कोल्हापूर या सु. ४७ किमी. लांबीच्या संस्थानी लोहमार्गाची कोनशिला १८८८ मध्ये बसविण्यात आली आणि १८९१ मध्ये तो वाहतुकीस खुला झाला. व्यापाराचे तोंड त्यामुळे पश्चिमेकडून पूर्वेकडे वळले. २ एप्रिल १८९४ रोजी शाहूंनी राज्यकारभार हाती घेतला. पुढच्याच वर्षी रेल्वे स्थानकानजीक शाहूपुरी ही पेठ वसविण्यात आली आणि व्यापाऱ्यांना सवलती देऊन तेथे आणण्यात आले. काही वर्षांतच ती गुळाची मोठी बाजारपेठ झाली. याच लोहमार्गावर १९१७ मध्ये शाहूंनी आपले जनक पिते जयसिंगराव घाटगे यांच्या नावे जयसिंगपूर हे व्यापारी नगर वसविले. आखीव रस्ते व चौक असलेले हे नगर तंबाखू, भुईमूग व हळद यांच्या व्यापारासाठी प्रसिद्धीस आले. वतनदारीला वाव नसलेली ही नवी गावे होती. तेथे पाटीलकी-कुलकर्ण्यांचा जुना पसारा नव्हता व बलुतेदारांचे हक्कही नव्हते. कारागीर रोखीने काम करी आणि दुकानदार रोखीने माल घेई.

पाणी : १८९६–९७ चा दुष्काळ आणि त्यापाठोपाठ आलेली प्लेगची साथ यांनी कारकीर्दीचा आरंभकाळ ग्रासला होता. पश्चिमेकडे सह्याद्रीच्या कुशीत धो धो पाऊस आणि पूर्वेकडे शिरोळच्या बाजूस अवर्षण, अशी या संस्थानची स्थिती. पावसाळ्यात पंचगंगेला महापूर येई आणि उन्हाळ्यात तिच्या पात्रात डबकी उरत. दुष्काळाच्या अनुभवानंतर शाहूंनी १९०२ मध्ये पाटबंधाऱ्यांविषयी धोरण जाहीर करून विहिरी व तलाव यांची पाहणी करविली. त्याच धोरणाचा पुढचा टप्पा म्हणजे भोगावती नदीवरील राधानगरी धरण. त्याचे काम १९०९ मध्ये सुरू झाले. एका लहान संस्थानाच्या मानाने ही योजना फारच मोठी होती. पहिल्या महायुद्धाच्या काळात पैशाअभावी काम रेंगाळले व अखेर थांबले. शाहूंच्या हयातीत ते पुरे झाले नाही. विलीनीकरणानंतर १९५० च्या दशकात धरण पूर्ण उंचीस नेण्यात आले. त्याच्या सांडव्यावरील स्वयंचलित दरवाजे विशेष उल्लेखनीय आहेत.

दरबारी उद्योग : वंगभंगाच्या चळवळीमुळे स्वदेशीचे वारे वाहत असताना २७ सप्टेंबर १९०६ रोजी शाहू छत्रपती स्पिनिंग अँड वीव्हिंग मिलची पायाभरणी झाली. संस्थानातील हा पहिला मोठा यंत्रोद्योग. शेकडो कामगारांना तिने रोजगार दिला व शहराच्या जीवनात भोंग्याची वेळ आणली. तथापि मुंबई व सोलापूरच्या गिरण्यांशी स्पर्धा करील असा वस्त्रोद्योग तिच्याभोवती वाढला नाही. कापूस दुरून आणावा लागे, भांडवल एका खजिन्याचे होते आणि बाहेरून येणाऱ्या मालाला अटकाव करण्याचा अधिकार संस्थानाला नव्हता. परराष्ट्रांशी झालेल्या विषम तहांमुळे जपानलाही १९११ पर्यंत स्वतःची जकात ठरविता येत नव्हती, ही गोष्ट अनेकदा विसरली जाते; पण तेथील शासनाला नुकसानीत चाललेले सरकारी कारखाने १८८० च्या दशकात खाजगी धनिकांच्या स्वाधीन करता आले. कोल्हापुरात असे धनिक नव्हते. सरदार होते ते जहागिरीच्या वसुलावर संतुष्ट होते आणि सावकार गुळावर उचल देण्यात अधिक नफा पाहत. पन्हाळ्याच्या परिसरातील चहा-कॉफीच्या लागवडीसारखे शाहूंचे इतर प्रयोगही फारसे टिकले नाहीत.

वतनांचा शेवट : शाहूंच्या उद्योगविषयक कार्याचे मूल्यमापन केवळ या गिरणीवरून केल्यास ते अपुरे ठरेल. २६ जुलै १९०२ च्या जाहीरनाम्याने त्यांनी राज्याच्या नोकऱ्यांतील रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी पन्नास टक्के जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवल्या. १९०१ पासून विविध जातिधर्मांच्या विद्यार्थ्यांसाठी कोल्हापुरात वसतिगृहे निघाली. प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत करण्याचा निर्णय १९१७ मध्ये झाला. लिहितावाचता येणारा शेतकरी व कारागीर यांतून तयार झाला नसता, तर पुढील काळातील सहकारी संस्थांचे हिशेब ठेवण्यास माणसे मिळाली नसती.

१९१८ हे या बाबतीत सर्वांत महत्त्वाचे वर्ष होय. त्या वर्षी कुलकर्णी वतन रद्द होऊन त्याऐवजी पगारी तलाठी नेमण्यात आले आणि तलाठ्याचे काम सर्व जातींच्या, तसेच अस्पृश्य मानलेल्या समाजाच्या तरुणांनाही खुले झाले. त्याच वर्षी महार वतने खालसा करून सामाईक जमिनी कुटुंबवार वाटून देण्यात आल्या व त्यांस रयताव्याचा सारा लावण्यात आला. बलुते देण्याघेण्याची सक्ती उठली आणि वेठबिगारीवर बंदी आली. या हुकमांचा अर्थ कायद्याच्या भाषेत साधा होता : सेवा आणि जमीन यांची गाठ सुटली. ज्याला गावात राहावयाचे तो जमिनीचा सारा भरून राहील. ज्याला जावयाचे तो रोजगारासाठी शाहूपुरीत, गिरणीत किंवा मुंबईस जाईल. ब्रिटिश मुलखात हा प्रश्न पुढे दीर्घकाळ रेंगाळला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबई विधिमंडळात महार वतनासंबंधीचे विधेयक १९२८ मध्ये मांडले, पण ते संमत झाले नाही. कनिष्ठ गावकामगार वतने रद्द करणारा कायदा मुंबई राज्यात १९५८ मध्ये झाला. याचा अर्थ कोल्हापूर त्या बाबतीत चाळीस वर्षे पुढे होते.

या सुधारणांना विरोध झाला. कुलकर्णी वतनदारांनी परिषदा भरविल्या आणि पुण्याच्या वृत्तपत्रांतून टीका झाली. वेदोक्त प्रकरणात शाहूंनी १९०२ मध्ये राजोपाध्यांचे इनाम जप्त केले होते. त्यामुळे वतनविषयक निर्णयांमागे सूडबुद्धी आहे, असाही आरोप करण्यात आला. वेदोक्ताच्या अनुभवाने शाहूंचा निर्धार वाढला असणे स्वाभाविक आहे. परंतु कुलकर्ण्यांबरोबरच महार वतनही त्याच वर्षी बंद झाले, ही गोष्ट ध्यानात घेतल्यास हा आरोप टिकत नाही. सुधारणेची खरी मर्यादा वेगळी होती. छत्रपतींना आपल्या खालसा मुलखातील गाववतने रद्द करता आली, पण वरच्या नऊ जहागिरी तशाच राहिल्या. उतरंडीचा तळ मोकळा झाला आणि माथा कायम राहिला. जपानमध्ये माथा प्रथम कापला गेला, हा या दोन स्थित्यंतरांतील मोठा भेद होय. १९१८ च्या नोव्हेंबरात परळ येथील कामगारांपुढे बोलताना शाहूंनी त्यांना संघटित होण्याचा उपदेश केला. एका संस्थानिकाच्या तोंडी तो त्या काळी अनपेक्षितच म्हणावा लागेल.

गुऱ्हाळापासून ओतशाळेपर्यंत : कोल्हापूरच्या उद्योगाचा मुख्य प्रवाह गिरणीत न सापडता उसाच्या मळ्यात सापडतो. उसाचे गाळप पूर्वी बैलांनी फिरविलेल्या लाकडी चरकावर होई. रस काहिलीत घालून चुलवणावर आटविला जाई. भेंडीच्या झाडाचा चिकट रस टाकून त्यातील मळी वर आणून काढीत आणि पाक योग्य वेळी उतरविण्याचे काम गुळव्या करी. गुळाचा रंग, कण आणि टिकाऊपणा ही सर्वस्वी त्याच्या नजरेवर अवलंबून असत. विसाव्या शतकाच्या आरंभी लोखंडी चरक आले. किर्लोस्करवाडी (स्थापना १९१०) ही औंध संस्थानातील कारखान्याची वसाहत लोखंडी नांगर व चरक बनवू लागली, तेव्हा लगतच्या कोल्हापूरच्या मुलखात त्यांना गिऱ्हाईक तयार होते.

ऊस वाढण्यास नदीचे पाणी वर्षभर मिळणे आवश्यक होते. त्या गरजेतून ‘कोल्हापूर पद्धतीचा बंधारा’ ही रचना विकसित झाली. नदीच्या पात्रात ठरावीक अंतरावर दगडी खांब उभारून त्यांच्या खाचांत पावसाळा संपताच लाकडी फळ्या (बरगे) बसवितात आणि पावसाळ्यापूर्वी त्या काढून घेतात. महापूर व गाळ मोकळ्या पात्रातून वाहून जातो, पाणी पात्रातच साठते आणि जमीन बुडत नाही. धरणातून सोडलेले पाणी एका बंधाऱ्याकडून दुसऱ्याकडे जाते व दोन्ही काठांवरील शेतकरी ते उपसून घेतात. अल्प खर्च, देखभालीची सुलभता व सुपीक काळ्या जमिनीचे रक्षण या गुणांमुळे ही पद्धत पुढे महाराष्ट्रात सर्वत्र स्वीकारण्यात आली.

पाणी उपसण्यासाठी मोटेच्या जागी तेलावर चालणारी इंजिने आली. इंजिन बिघडले की हंगाम बुडे; त्यामुळे दुरुस्ती करणारा कारागीर जवळ असणे शेतकऱ्याच्या दृष्टीने इंजिनाइतकेच महत्त्वाचे झाले. राजाराम महाराजांच्या कारकीर्दीत (१९२२–४०) वसलेल्या शिवाजी उद्यमनगरात अशा दुरुस्तीच्या शाळा निघाल्या. सुटे भाग बाहेरून येण्यास विलंब लागे, म्हणून ते येथेच ओतून व कातून घेण्यात येऊ लागले. काही वर्षांत सबंध इंजिनेही येथे तयार होऊ लागली. दुसऱ्या महायुद्धात आयात थांबल्याने या कामास तेजी आली. हे कारागीर बहुतांशी सुतार-लोहारांच्या घरांतून आलेले होते; काहींना औपचारिक शिक्षण फारसे नव्हते. बलुत्याच्या धान्यावर जगणाऱ्यांच्या पुढच्या पिढ्या लेथ यंत्रावर उभ्या राहिल्या, हे या स्थित्यंतराचे सर्वांत बोलके चित्र होय. उद्यमनगरातून पुढे शिरोली व गोकुळ शिरगाव येथील औद्योगिक वसाहती आणि त्यांतील ओतशाळा वाढल्या. मोटारींना व यंत्रांना लागणारे ओतीव भाग तयार करणारे केंद्र म्हणून कोल्हापूरचे नाव देशभर झाले.

यंत्रावर हात बसलेल्या या कारागिरीचा एक अनपेक्षित आविष्कार चित्रपटव्यवसायात दिसतो. बाबूराव पेंटर यांनी कोल्हापुरातच चलच्चित्रणाचा कॅमेरा तयार केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनीचा सैरंध्री हा मूकपट १९२० मध्ये प्रदर्शित झाला. तिच्यातून बाहेर पडलेल्यांनी १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी काढली. १९३३ मध्ये ती पुण्यास गेली.

इचलकरंजी : जहागीरदारांचा माथा कायम राहिला, असे वर म्हटले असले तरी त्याला एक ठळक अपवाद आहे. इचलकरंजीचे जहागीरदार नारायणराव बाबासाहेब घोरपडे यांनी आपल्या गावी व्यापार व उद्योग यांस उत्तेजन दिले. १९०४ मध्ये विठ्ठलराव दातार यांनी तेथे पहिला यंत्रमाग सुरू केला. कोल्हापूरच्या गिरणीत एका छताखाली भांडवल एकवटले होते. इचलकरंजीत ते घराघरांत विभागले गेले. हातमाग विणणारा कोष्टी एक-दोन यंत्रमाग घेई, त्यांवर घरची माणसे राबत आणि धंदा वाढला की आणखी माग येत. तोट्याच्या वर्षीही असा धंदा तग धरू शके. पुढे सुताचा पुरवठा होण्यासाठी सहकारी सूतगिरण्या निघाल्या आणि इचलकरंजी ‘महाराष्ट्राचे मँचेस्टर’ म्हणून ओळखली जाऊ लागली. नजीकच्या हुपरी येथे चांदीच्या दागिन्यांचा धंदाही असाच घरगुती पायावर वाढला.

साखर, कर्ज व सहकार : भारत सरकारने १९३२ मध्ये साखरेच्या आयातीवर संरक्षक जकात बसविली व देशभर साखर कारखान्यांचे पेव फुटले. यानंतर कोल्हापूरनजीक कसबा बावडा येथे (हे गाव अमात्यांच्या गगनबावड्याहून वेगळे) कोल्हापूर शुगर मिल्स ही खाजगी गिरणी उभी राहिली. पंचवीस वर्षांपूर्वी शाहूंच्या कापडगिरणीला जे संरक्षण मिळाले नव्हते, ते साखरेला दिल्लीच्या निर्णयाने मिळाले.

शेतकऱ्याच्या हातात मात्र नफा थोडाच येई. लागवडीच्या वेळी तो शाहूपुरीतील अडत्याकडून उचल घेई आणि त्यामुळे गूळ त्याच अडत्याच्या दुकानी आणणे त्याला भाग पडे. भाव, तूट व व्याज ही तिन्ही अडत्याच्या वहीत ठरत. वतनातून सुटलेला शेतकरी असा वहीत अडकला. संस्थानात १९१२–१३ पासून सहकारी कायदा व नागरी पतसंस्था होत्या, तरी ग्रामीण भागात त्यांचा विस्तार सावकाश झाला. १९३९ मध्ये तात्यासाहेब मोहिते यांच्या पुढाकाराने निघालेल्या शेतकरी सहकारी संघाने शेतमालाची विक्री व खतांचा पुरवठा हाती घेऊन अडत्यांना पर्याय निर्माण केला. त्याच वर्षी जयसिंगपूर येथे प्रजा परिषदेची स्थापना झाली. माधवराव बागल, रत्नाप्पा कुंभार प्रभृतींनी तीमार्फत सारा कमी करण्याची आणि जबाबदार राज्यपद्धतीची मागणी लावून धरली. दरबाराने वसविलेल्या पेठेतच दरबाराविरुद्धची संघटना जन्मास यावी, यात आश्चर्य मानण्याचे कारण नाही. संस्थानात वतनदारांचा दाब नसलेली ठिकाणे थोडीच होती.

विलीनीकरणानंतर जे छत्रपतींना जमले नव्हते, ते कायद्याने झाले. परगणा व कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने आणि विलीन प्रदेशांतील जहागिरी १९५३ च्या कायद्याने रद्द झाल्या. कूळकायद्यातील १९५६ च्या दुरुस्तीनुसार १ एप्रिल १९५७ हा ‘कृषक दिन’ ठरून कूळ जमिनीचा मालक झाला. राधानगरीचे पुरे झालेले धरण, नदीवरील बंधारे, जमिनीची मालकी व सहकाराचा अनुभव या गोष्टी एकाच दशकात एकत्र आल्या. अहमदनगर जिल्ह्यातील प्रवरानगर येथे १९५० मध्ये पहिला सहकारी साखर कारखाना सुरू झाला होता. त्याच धर्तीवर रत्नाप्पा कुंभार यांनी इचलकरंजीनजीक पंचगंगा कारखाना आणि तात्यासाहेब कोरे यांनी वारणा खोऱ्यात वारणा कारखाना उभारला. वारणेचे गाळप १९५९ मध्ये सुरू झाले. भोगावती, दूधगंगा-वेदगंगा इ. खोऱ्यांतही कारखाने निघाले. कारखान्याभोवती शाळा, दवाखाने, दूधसंस्था व ग्राहक भांडारे उभी राहिली. १९६३ मध्ये स्थापन झालेला जिल्हा दूध उत्पादक संघ (‘गोकुळ’) हे याच क्रमातील पुढचे पाऊल होय. त्यामुळे उसाचे क्षेत्र नसलेल्या, एक-दोन म्हशींच्या धन्यापर्यंतही रोख पैसा पोहोचला.

नव्या व्यवस्थेत जुन्या घराण्यांना स्थान उरले नाही, असे मात्र नव्हे. शाहूंचे मूळ घराणे असलेल्या कागलच्या थोरल्या पातीतील विक्रमसिंह घाटगे यांनी १९७० च्या दशकाच्या अखेरीस कागल येथे छत्रपती शाहू सहकारी साखर कारखाना स्थापन केला. जहागीर गेलेल्या घराण्याकडे निवडणुकीच्या मार्गाने कारखान्याचे नेतृत्व आले. इतरत्र कारखान्याचे अध्यक्षपद मोठ्या बागायतदार घराण्यांत पिढ्यान्‌पिढ्या राहिल्याची उदाहरणे आहेत. भागधारक होण्यास जमीन व पाणी लागे. यामुळे अल्पभूधारक व भूमिहीन हे सहकाराच्या लाभाच्या कडेलाच राहिले. ऊसतोडणीसाठी दर हंगामात बीड व आसपासच्या दुष्काळी भागांतून मजुरांच्या टोळ्या येतात. नवरा-बायकोच्या जोडीला ‘कोयता’ असे म्हणतात. मुकादमाकडून आगाऊ घेतलेली उचल फिटेपर्यंत या जोडीला तोड सोडता येत नाही.

गुऱ्हाळांची संख्या कारखान्यांच्या वाढीबरोबर घटत गेली. तथापि कोल्हापुरी गुळाचा लौकिक टिकून राहिला आणि २०१४ मध्ये त्याला भौगोलिक निर्देशांक मिळाला. शाहूंची कापडगिरणी कालांतराने राज्य शासनाच्या वस्त्रोद्योग महामंडळाकडे आली आणि सतत तोट्यात राहून २००३ मध्ये बंद पडली. तिच्या जागेवर शाहूंचे स्मारक उभारण्याची योजना त्यानंतर पुढे आली. १८९५ मध्ये वसविलेली शाहूपुरी शहराच्या मध्यभागी आली असून गुळाचे सौदे तेथून बाजार समितीच्या प्रशस्त आवारात गेले आहेत; भोगावती व पंचगंगेवरील बंधाऱ्यांचे बरगे मात्र दर पावसाळ्यानंतर बसविले जातात.